तेरा जणींच्या रांगेतला स्ट्रायकर

सुज्ञ वाचकहो, भंडारा जिल्ह्यातील साकोली तालुक्यात जन्मलेला एका शेतकऱ्याचा मुलगा समुद्रापलीकडील मस्कत शहरी जाऊन फुटबॉलच्या खेळात कसा नावारूपास आला, आणि त्याची ती विद्या मूळ कोणाची, या प्रश्नाचा उलगडा त्याच्या मातेने भर सभेत कसा केला, ती संपूर्ण हकीकत मी या ठिकाणी यथामती निवेदन करणार आहे. वाचकांनी ती शांत चित्ताने व शेवटपर्यंत वाचावी, एवढीच विनंती.

साकोलीपासून दोन कोसांवर मोहटोला नावाचे गाव आहे. गावाच्या उशाशी तलाव आणि तलावाखाली धानाच्या बांद्या, म्हणजे बांध घातलेली शेते. त्या गावी पुंडलिकराव व त्यांच्या पत्नी चंद्रभागाबाई हे कष्टाळू दांपत्य राहत असे. त्यांच्या पोटी तीन पुत्र जन्मास आले, परंतु कन्या एकही झाली नाही. दुसऱ्या एखाद्या घरी ही गोष्ट आनंदाची मानली गेली असती. चंद्रभागाबाईंना मात्र दरवर्षी रोवणीच्या, म्हणजे भातलावणीच्या, दिवसांत ती जड जात असे.

त्याचे कारण असे. मोहटोल्यात सात घरांनी मिळून बदलीची रोवणी ठरविली होती. आज सर्वांनी एकाच्या बांदीत राबावे, उद्या दुसऱ्याच्या. नियम एकच, की प्रत्येक घराने दोन बाया द्याव्यात. पुरुषांनी नांगर धरावा, चिखल करावा, पऱ्ह्यांच्या, म्हणजे उपटलेल्या धानरोपांच्या, पेंड्या वाहून बांदीत फेकाव्यात. परंतु चिखलात वाकून रोप लावणे हे बायांचेच काम, त्यास पुरुषाने हात लावू नये, असा आमच्या भागाचा रिवाज. चंद्रभागाबाईंच्या सासूबाई निवर्तल्या, आणि त्या घरची दुसरी बाई कोठून आणावी हा प्रश्न उभा राहिला. तेव्हा कुंताबाई, ज्या रोवणीच्या रांगेत सर्वांत पुढारी होत्या, त्यांनीच तोड काढली.

"चंद्रभागे, तुहा थोरला दे ना पाठवून. नऊ वर्साचा त हाये. मिशा थोड्याच फुटल्या त्याले!"

अशा रीतीने थोरला मुलगा तेजराम हा तेरा बायांमध्ये चौदावा होऊन उभा राहिला. एक वर्षाची अडचण म्हणून आरंभ झाला, आणि सात वर्षे तो प्रघात चालला.

रोवणारी बाई पुढे जात नाही, मागे सरकत जाते, हे शेतकरी वाचकांस ठाऊकच आहे. डाव्या हातात पेंडी, उजव्या हाताने रोप खोचावयाचे आणि एक पाऊल मागे घ्यावयाचे. गुडघाभर चिखलात हे करणे दिसते तितके सोपे नाही. नवखा माणूस पहिल्या घटकेतच मागच्या मागे बसतो. तेजरामही बसला, आणि तेराही जणी पोट धरून हसल्या. कुंताबाईंनी त्याच्या पाठीत हलकेच धपाटा घालून धडा दिला.

"टाच पयले सोडव रे बाबू, मंग बोटं. नाही त चिखल पाय धरून ठेवते. अन् मागं पाहू नोको. धुरा कितीक दूर हाये, ते कमरेले समजलं पाह्यजे."

मुलाने धडा घेतला. दोन पावसाळ्यांत तो असा तरबेज झाला की मागे न पाहता धुऱ्यापाशी, म्हणजे बांदीच्या बांधापाशी, नेमका थांबे. उजवीकडील बाई मंदावली की तिच्याकडे न पाहता ते त्यास उमगे आणि तो तिरका सरकून तिची जागा भरून काढी.

परंतु शाळेत ही गोष्ट पसरली. साकोलीच्या शाळेतील मुले त्यास "तेजीबाई" म्हणून हाका मारू लागली. एके दिवशी त्याच्या दप्तरात कोणी तरी बांगड्या घालून ठेवल्या. तेजरामने घरी येऊन दप्तर कोपऱ्यात टाकले, परंतु चंद्रभागाबाईंनी ते झटकले तेव्हा त्या बांगड्या जमिनीवर पडल्या. त्या दिवसापासून त्या माउलीच्या काळजात एक सल जाऊन बसला. आपण आपल्या अडचणीपायी लेकराला बायांच्या रांगेत उभे केले आणि त्याच्या नावाला डाग लावला, असे त्यांना वाटू लागले. हा सल त्यांनी पतीसही कधी बोलून दाखविला नाही.

याच सुमारास तेजराम शाळेत फुटबॉल खेळू लागला. उन्हाळ्यात तलावाचे पाणी आटले की भेगाळलेल्या तळावर मुलांचे सामने चालत. शाळा संपल्यावर १९७३ साली नागपूरच्या एका कारखान्याने त्यास आपल्या संघात घेतले. दोन वर्षांनी मुंबईच्या एका स्पर्धेत मस्कतच्या एका क्लबाचा व्यवस्थापक प्रेक्षकांत बसला होता. त्याने तेजरामचा खेळ पाहिला, आणि १९७६ च्या ऑक्टोबर महिन्यात, ज्या गावचा माणूस नागपूरपलीकडे सहसा गेला नव्हता, त्या मोहटोल्याचा तेजराम विमानात बसला.

गावी त्याची पत्रे येत. चंद्रभागाबाईंना लिहिता-वाचता येत नसल्यामुळे पोस्टमन इश्वर हाच पत्र फोडून ओसरीवर वाचून दाखवी. पहिल्या वर्षीच्या पत्रांत उदासी असे. क्लबाचे प्रशिक्षक इजिप्त देशाचे होते. ते म्हणत, स्ट्रायकरने गोलाकडे धावावे, आणि हा तर गोलाकडे पाठ करून उभा राहतो! म्हणून त्यास बहुतेक सामन्यांत बाहेर बसवून ठेवीत. पुढे जानेवारीत दोन खेळाडू आजारी पडले आणि नाइलाजाने तेजरामला उतरविण्यात आले. त्या एका सामन्यात त्याने तीन गोल केले. त्यानंतर त्यास कोणी बाहेर बसविले नाही.

"पाच मोसमांत साठ गोल!" इश्वर पत्र वाचता वाचता उठून उभा राहिला. "काकू, तिथले पोरं याची नक्कल करून राहिले म्हंते, पन कोनालेच जमत नाही म्हंते!"

"साठ म्हंजे लय होते का रे?" चंद्रभागाबाईंनी विचारले.

"लय? अवो काकू, आपल्या साकोलीच्या टीमनं जल्मात नसन केले!"

तेव्हा चंद्रभागाबाईंचे मुख उजळले. त्यांनी ते पत्र पदराखाली धरले आणि उगीचच दोनदा विहिरीवर जाऊन आल्या, कारण विहिरीवर बाया होत्या.

परंतु आनंदाच्या मागोमाग तो सलही जागा होई. एवढा मोठा झालेला आपला मुलगा पूर्वी बायांत रोवणी करीत असे, हे तिकडे कळले तर? बांगड्या पुन्हा निघाल्या तर? कुंताबाईंनी विहिरीवर "आपला तेजीबाई" असा उच्चार केला की चंद्रभागाबाई त्यांना डोळ्यांनी दटावीत.

अशा स्थितीत १९८२ च्या दिवाळीत नागपूरच्या एका वृत्तपत्राचा बातमीदार मोटारसायकलवर बसून मोहटोल्यास आला. पुंडलिकराव तलावावर गेले होते. बातमीदाराने चंद्रभागाबाईंना खाटेवर बसवून वही उघडली.

"आई, तुमच्या मुलाची ती पाठमोरी चाल फार गाजते आहे. तो ती शिकला कोणाजवळ? लहानपणी काय काम करीत होता?"

चंद्रभागाबाईंच्या तोंडचे पाणी पळाले. त्यांना वाटले, यास सुगावा लागला आहे.

"काम? कायचं काम? माह्या लेकानं बांदीत कधी पाय नाही टाकला."

"मग गुरू कोण?"

पायांची आणि अंगाची विद्या शिकविणारा मानाचा माणूस म्हणजे पहिलवान, एवढेच त्यांना ठाऊक होते. त्या बोलून गेल्या, "भंडाऱ्याचा एक पहिलवान होता. त्यानं शिकवलं."

बातमी छापून आली. "पहिलवानाच्या तालमीत घडला मस्कतचा स्ट्रायकर" असा मथळा होता. इश्वरने मोठ्या अभिमानाने ते कात्रण पाकिटात घालून मस्कतला धाडले. चंद्रभागाबाईंना वाटले, आता लेकाचे नाव निर्धास्त झाले.

आणि तेजरामची पत्रे बंद झाली.

संक्रांत गेली, होळी गेली. अक्षय तृतीयेस एक पार्सल आले. त्यात आईसाठी लुगडे आणि बापासाठी रेडिओ होता, परंतु चिठ्ठी नव्हती. इश्वरने पार्सलाचा कागद उलटासुलटा करून पाहिला. चंद्रभागाबाई म्हणाल्या, "राहू दे, काम असन त्याले." तरी त्या दिवसापासून इश्वरची सायकल वाजली की त्या चुलीपुढून उठून येत, आणि तो नुसती मान हलवून पुढे जाई.

मस्कतला उन्हाळ्यात आग बरसते, म्हणून तिकडचे सामने त्या काळात बंद असतात. १९८३ च्या जुलै महिन्यात तेजराम सुट्टीवर घरी आला. त्याने आईच्या पाया पडून विचारपूस केली, पण बोलणे तुटक होते. घरात पाहुणा उतरावा तसा तो वागत होता. दुसऱ्या सकाळी कुंताबाई डोक्यावर पेंड्या घेऊन दारावरून चालल्या होत्या. त्यांनी हाक दिली.

"काय रे तेजीबाई! बूट घालून पाय नरम झाले का? येतं का बांदीत?"

तेजराम हसत पुढे झाला. तोच चंद्रभागाबाई धावत बाहेर आल्या आणि हलक्या आवाजात म्हणाल्या, "कुंते, चूप बस ना वो! लोकं ऐकून राहिले."

तेजरामचे हसू मावळले. कुंताबाई गेल्यावर तो आईसमोर उभा राहिला.

"माय, तुले माही लाज वाटते का?"

"लाज? तुही लाज कायले वाटन रे बाबू? लोकं तुले हसतीन म्हनून..."

"सात वर्स तुह्या बाजूले उभा राहून रोवलं मी. तू पेपरवाल्याले सांगतलं, बांदीत पायच नाही टाकला म्हनून. मंग मी कोन होतो त्या रांगेत? कोनाचा पोरगा होतो?"

"तुह्या भल्यासाठीच म्हंतलं."

"अन् आता साकोलीत सत्कार ठेवला हाये लोकायनं. तो पहिलवान शोधून आनला त्यायनं! त्याच्या पाया पडा लागन मले. सांग, पडू?"

हे वृत्त खरे होते. भंडाऱ्यात श्यामराव नावाचे सत्तरी ओलांडलेले पहिलवान होते. बातमी वाचून लोक त्यांना विचारू लागले, "तो मस्कतवाला तुमचाच काय?" श्यामराव सरळ स्वभावाचे. ते म्हणत, "असन बावा. लय पोरं येऊन गेले तालमीत." लोकांनी हा त्यांचा विनय मानला आणि गुरू म्हणून त्यांचे नाव पक्के केले.

चंद्रभागाबाई दुहेरी पेचात सापडल्या. खरे सांगावे तर जिल्ह्यापुढे लेकाला बांगड्या भरल्यासारखे होईल, आणि न सांगावे तर लेक परका होऊन चालला आहे, हे त्या डोळ्यांनी पाहत होत्या.

सत्कार रविवारी होता. आधी साकोली व भंडारा यांचा सामना, आणि नंतर सभा. तीन दिवस पाऊस लागून राहिला होता, त्यामुळे शाळेच्या मैदानाची बांदी झाली होती. रोवणी अर्धी राहिलेली असताना मोहटोल्याच्या बायांनी दुपारपुरते काम थांबविले आणि बैलबंड्या जुंपून त्या साकोलीस आल्या. चंद्रभागाबाईंनी आपल्या लेकाचा खेळ त्या दिवसापर्यंत एकदाही पाहिला नव्हता.

"एका चेंडूमागं बावीस बाप्ये!" कुंताबाई म्हणाल्या. "एकेकाले एकेक घेऊन द्या ना."

बाया खिदळल्या. मैदानात खेळाडू घसरून पडत होते. भंडाऱ्याच्या एका उंच खेळाडूचा बूट चिखलात रुतून तिथेच राहिला आणि तो एका पायाने धावू लागला. बराच वेळ कोणासही गोल करता आला नाही.

इतक्यात चेंडू तेजरामकडे आला. गोलाकडे त्याची पाठ होती आणि मागे दोन धिप्पाड बचावपटू भिंतीसारखे उभे होते. तेजराम किंचित वाकला. त्याने डावा हात अंगाजवळ घेतला आणि चेंडू पायापाशी ठेवून तो मागे सरकू लागला. आधी टाच, मग बोटे. पुन्हा टाच, मग बोटे. चिखलाने इतरांचे पाय धरले होते. याचे पाय मात्र अलगद सुटत होते. त्याने एकदाही मागे पाहिले नाही.

चंद्रभागाबाईंच्या लक्षात आले, की गवतावर उभे असलेले आपले स्वतःचे पाय हलत आहेत. टाच, मग बोटे. त्यांनी बाजूस पाहिले. कुंताबाईंचे पायही हलत होते. गोदावरीबाईंचे, पार्वताबाईंचे, कलाबाईंचेही.

उजवीकडील बचावपटूचा पाय क्षणभर रुतला. न पाहता तेजरामला ते उमगले. तो तिरका सरकून त्याच्या बगलेतून वळला, आणि चेंडू जाळ्यात गेला.

मैदान गर्जून उठले. परंतु चंद्रभागाबाईंची नजर लेकाच्या पायांवरच होती. मस्कतची मुले ज्याची नक्कल करीत होती व कोणास जमत नव्हती, ती चाल ही होती! जो डाग म्हणून आपण एवढी वर्षे झाकत आलो, त्यावर तर या मुलाने सारे नाव कमावले. अभिमानाने त्यांचा ऊर भरून आला, आणि त्याच क्षणी आपण काय करून बसलो हेही त्यांना उमजले. त्यांनी लेकाची विद्या चोरून दुसऱ्याच्या नावे केली होती.

सामना साकोलीने एका गोलाने जिंकला. सभा सुरू झाली. व्यासपीठावर श्यामराव पहिलवान भगवा फेटा बांधून बसले होते. निवेदकाने शाल हाती घेऊन घोषणा केली, "आता आपले तेजराम आपल्या गुरुवर्यांचे चरणस्पर्श करतील!"

तेजराम खुर्चीवरून उठला नाही. निवेदकाने घोषणा पुन्हा केली. लोकांत कुजबूज झाली. मागून कोणी म्हणाले, "मस्कतचं पानी चढलं याले. म्हाताऱ्या मानसाच्या पाया पडाले लाजते." पुंडलिकरावांनी मान खाली घातली.

ते शब्द चंद्रभागाबाईंच्या कानी पडले. त्या बायांमधून उठल्या आणि चिखलाच्या पायांनी व्यासपीठाच्या पायऱ्या चढू लागल्या. एका कार्यकर्त्याने त्यांना अडविले.

"बाई, बायायची जागा तिकडं हाये."

"जागा मालूम हाये मले. मले बोलाचं हाये."

माईकपासून हातभर दूर उभ्या राहून त्या बोलल्या, तरीही मैदानाच्या टोकापर्यंत ऐकू गेले.

"मी याची माय होय. पेपरवाल्याले मी खोटं सांगतलं. याले कोन्या पहिलवानानं नाही शिकवलं. हा माह्यासंग बांदीत रोवे. सात वर्स. तेरा बाया अन् हा चौदावा. लोकं याले बाई म्हनत, म्हनून मी लपवलं. आज पाह्यलं तुमी, हा कसा मागं सरकला ते? ती आमची रोवणी होय. ज्याले हसाचं हाये त्यानं आता हसून घ्या, माह्यासमोर."

कोणी हसले नाही. सर्वांच्या नजरा श्यामराव पहिलवानांकडे वळल्या. ते म्हातारे गृहस्थ हळूहळू उठले, आणि त्यांच्या मुखावर रागाऐवजी मोठी सुटका झाल्याचे समाधान दिसले.

"बाई, लय बरं केलं!" ते म्हणाले. "आठ महिने झाले, मी डोकं खाजवून राहिलो. तालमीतला एकेक पोरगा आठवते, हा एकटाच काहून आठवत नाही? मले वाटलं, म्हातारपनानं मेंदू गेला माहा!"

तेव्हा मात्र सारे मैदान हसले. निवेदक शाल हाती धरून गोंधळून उभा राहिला. चंद्रभागाबाई त्यास म्हणाल्या, "शाल त्यायलेच द्या. त्यायची काय चूक? मोठे मानूस होत ते." तेजरामने ती शाल आपल्या हाताने श्यामरावांच्या खांद्यावर घातली आणि वडीलधारे म्हणून त्यांच्या पाया पडला. मग तो आईसमोर वाकला. चंद्रभागाबाईंनी त्यास वरच्या वर धरले. नंतर तो पायऱ्या उतरून थेट बायांत गेला व त्याने प्रथम कुंताबाईंचे पाय धरले.

"अरे सरक, सरक! चिखलानं भरले ते," कुंताबाई मागे होत म्हणाल्या. डोळे पुसून त्यांनी लगेच आवाज चढविला, "झालं ना तुमचं? आटपा मंग. उपटलेले पऱ्हे पडून हायेत बांदीत, उद्या पिवळे पडतीन."

सप्टेंबरात तेजराम मस्कतला परतला. तो आणखी तीन मोसम खेळला, आणि १९८६ साली त्याने निरोप घेतला तेव्हा त्याच्या नावावर एकशे सात गोल जमा होते. दर महिन्याचे पत्र पुन्हा सुरू झाले, ते कधी चुकले नाही. परंतु सत्काराच्या त्या आठवड्यात आणखी एक गोष्ट घडली, ती सांगितल्यावाचून ही हकीकत पूर्ण होणार नाही.

तोच बातमीदार सभेस हजर होता. त्याने नवी बातमी छापली, आणि इश्वरने ती ओसरीवर वाचून दाखविली. "माझे गुरू माझी आई व गावातील इतर महिला, असे तेजराम यांनी सांगितले."

"इतर?" चंद्रभागाबाईंनी हातातील सूप खाली ठेवले. "इतर म्हंजे कोन?"

"म्हंजे बाकीच्या, काकू."

"बाकीच्यायले नावं नाहीत का? काढ कार्ड. लिही."

इश्वरने पोस्टकार्ड काढले. चंद्रभागाबाईंनी रांगेच्या उजव्या टोकापासून, ज्या क्रमाने त्या उभ्या राहत त्याच क्रमाने, बारा नावे सांगितली. एका कार्डावर ती मावली नाहीत, दुसरे घ्यावे लागले.

पंधरा दिवसांनी ते पत्र वृत्तपत्राच्या चौथ्या पानावर बारीक अक्षरांत छापून आले. इश्वर तो अंक घेऊन थेट बांदीवर गेला. रोवणीचा तो शेवटचा दिवस होता. धुऱ्यावर उभा राहून तो एकेक नाव मोठ्याने वाचू लागला, आणि बाया न थांबता, हातातील रोप खोचीत, आपापल्या नावास ओ देऊ लागल्या.

"कुंताबाई."

"हाये."

"गोदावरीबाई."

"हाये."

"पार्वताबाई."

"हाये गा, वाच पुढं."

सत्यवती आणि पुष्पाबाई या दोघी मधल्या काळात वारल्या होत्या. त्यांची नावे आली तेव्हा इश्वर अडखळला. त्या दोन्ही नावांना चंद्रभागाबाईंनी कमरेत वाकूनच, खणखणीत आवाजात ओ दिली.

येथे ही हकीकत संपूर्ण झाली. ज्या वाचकांनी आपला अमूल्य वेळ खर्चून माझे हे वेडेवाकडे लिखाण वाचले, त्यांचा मी अंतःकरणापासून आभारी आहे. काही चुकले असल्यास तो दोष माझ्या अल्प शिक्षणाचा समजावा. त्या तेरा जणींकडे त्यातील काहीही जात नाही.

आपला नम्र,
सुखराम, मुक्काम साकोली, जिल्हा भंडारा